निशाण कुणाच्या हवाली

नुमिसियसने आपल्या इतिहासाचा सातवा खंड आम्हा दोघा मित्रांना ऐकवला, तेव्हाच त्यातल्या एका वाक्याने घात केला होता. आम्हाला मात्र ते सर्वांत सुबक वाक्य वाटले. दोघे मित्र म्हणजे एक मी, तेतियस, ज्याने अर्धे आयुष्य मेवानिया या आमच्या गावातल्या मुलांना व्याकरण शिकवण्यात घालवले. आणि दुसरा वेसोनियस, जो तेलाचा व्यापार करतो आणि ज्याला प्रत्येक वाचनाला बोलवावेच लागते, कारण सभागृहात मांडायचे बाक त्याच्याकडून येतात.

रीत अशी की ग्रंथ आधी मित्रांना ऐकवायचा, मग गावाला, आणि गावाने ऐकल्यावर रोमच्या विक्रेत्याकडे नकला करायला पाठवायचा. एकदा नकला सुटल्या की लेखकाची सत्ता संपली. कुठल्या सुभ्यात, कुणाच्या घरात, कोण काय वाचतो आहे हे त्याला कळत नाही, आणि कळले तरी तिथे जाऊन शब्द पुसता येत नाही. म्हणून मित्रांसमोरचे वाचन हे खरे वाचन. तिथे भांडायचे असते, आणि भांडण्याच्या बाबतीत मी नुमिसियसला कधी निराश केलेले नाही.

नुमिसियसची दृष्टी तोवर इतकी अधू झाली होती की त्याला आमचे चेहरेही धूसर दिसत. वाचनाचे काम त्याचा मुक्त केलेला गुलाम ट्रोफिमस करी. प्रसंग होता डॅन्यूब नदीपलीकडच्या दलदलीत आपली एक तुकडी कापली गेली तो. नुमिसियसने तो रंगवला नव्हता. धुके, चिखल, रुतलेल्या गाड्या, दोन्ही बाजूंनी आलेले डेशियन, आणि मग ही दोन वाक्ये: "सेनापती पडला. निशाणदाराने निशाण हवाली केले."

मी ट्रोफिमसला थांबवून ते पुन्हा वाचायला लावले. आमच्या लॅटिनमध्ये 'हवाली केले' हा एकच शब्द, आणि त्या वाक्याच्या शेवटी चार गुरू अक्षरे चिखलातल्या पावलांसारखी पडत जातात, त्यांच्यामागून एक लघु येते, आणि शेवटचे अक्षर दार लोटावे तसे वाक्य मिटवून टाकते. गद्याची परीक्षा वाक्याच्या शेवटी होते असे मी आयुष्यभर सांगत आलो. सुरुवात कुणालाही जमते.

"याला आता हात लावू नकोस," मी म्हणालो. "एक शब्द काढलास तर पडेल, एक घातलास तर सुजेल."

"तेतियसला काहीतरी आवडलं," नुमिसियस म्हणाला. "ट्रोफिमस, तारीख लिहून ठेव रे."

वेसोनियस मात्र मघापासून खुदुखुदु हसत होता. तोंडातली ऑलिव्हची बी त्याने मुठीत काढली.

"म्हणजे आपला पेतिदियस की!"

"मी कुणाचं नाव घेतलेलं नाही."

"अरे, त्या तुकडीत निशाणदार एकच, आणि तो मेवानियाचा. जिवंत परत आला, ढोपरात भाल्याचं टोक घेऊन, आणि मरेपर्यंत माझ्या कुंपणापलीकडं बैल राखत बसला. नाव कशाला पाहिजे? आणि गंमत बघा, मोठ्या रस्त्यावर त्याचं थडगं आहे, त्याच्यावर हातभर निशाण कोरलंय! दिलं शत्रूला आणि मिरवलं दगडावर!"

"शत्रूला असं मी म्हटलेलं नाही," नुमिसियस म्हणाला.

"मग कुणाला, बायकोला?"

मी पुढच्या परिच्छेदाकडे वळलो, कारण तिथे एक संयुक्त वाक्य खरोखरच बिघडलेले होते.

*

पेतिदिया आली ती त्यानंतर थोड्याच दिवसांनी, भर सकाळी. मी आणि नुमिसियस अंगणातल्या अंजिराखाली बसून, 'दलदल' या शब्दामागे विशेषण हवे की नको यावर वाद घालत होतो. ट्रोफिमसने तिला दारात थांबवायचा प्रयत्न केला असावा, कारण ती आत आली तेव्हा तो तिच्यामागून हात पसरून येत होता, जणू कळपातून सुटलेले जनावर वळवतो आहे.

ती पेतिदियसची मुलगी. आमच्याकडे मुलीला बापाच्या कुळाखेरीज वेगळे नाव नसते. पेतिदियसची मुलगी म्हणून पेतिदिया. नवरा वारला, बाप वारला, आणि क्लितुम्नस नदीकाठचा पांढऱ्या बैलांचा कळप तिच्याकडे राहिला. रोमच्या देवळांत बळीसाठी जाणाऱ्या बिनडागी बैलांत तिचे बैल असत. तिने हात पुढे केले. दोन्ही तळवे काळे होते.

"काका, हे बघा. कोळसा आहे. माझ्या बाबांच्या दगडावरून पुसून आलेय."

"मला दिसत नाही, पोरी," नुमिसियस म्हणाला. "काय लिहिलं होतं?"

"एकच शब्द. मला फार वाचता येत नाही, पण रस्त्यानं जाणारा एक गाडीवान मोठ्यानं वाचून हसला, म्हणून कळलं. 'हवाली केले.' निशाणाच्या बरोब्बर खाली. मोठ्या अक्षरात."

मी डोळे मिटून घेतले. वेसोनियसचे अक्षर मोठे आहे हे मला ठाऊक होते, त्याच्या तेलाच्या रांजणांवर मी ते नेहमी वाचतो. पण पुराव्याशिवाय नाव घ्यायचे नाही, हा या घराचा नियम होता.

"बाजारात म्हणतात, हे तुमच्या पुस्तकात आहे," ती म्हणाली.

"आहे," नुमिसियस म्हणाला. तो खोटे बोलत नसे. ती त्याची उणीव समजा किंवा थोरवी.

"तुमच्यासारखा माणूस हे लिहितो? माझ्या बाबांनी निशाण शत्रूला दिलं?"

"शत्रूला असं लिहिलेलं नाही. हवाली केलं, एवढंच."

"कुणाच्या?"

नुमिसियसच्या आधी मीच उत्तर दिले. ते शिक्षकाचे उत्तर होते. मी तिला सांगितले की आमचा हा शब्द फार प्रशस्त आहे. बाप मुलाच्या हाती शेत देतो तेव्हा हाच शब्द. गुरू शिष्याला विद्या देतो तेव्हा हाच. फितूर माणूस वेशीच्या किल्ल्या शत्रूच्या हाती ठेवतो तेव्हाही हाच. आणि इतिहासकार घडलेली गोष्ट पुढच्या पिढ्यांकडे सोपवतो तेव्हा त्यालाही दुसरा शब्द नाही. तेव्हा शब्दात दोष नाही.

"शब्दात दोष नाही," ती म्हणाली. "मग गाडीवान का हसला?"

"कारण सेनापती पडल्याच्या मागून ते वाक्य येतं," मी म्हणालो. "ऐकणारा रिकामी जागा आपण होऊन भरतो."

"आणि तुम्ही ती रिकामी ठेवता. वाक्य छान दिसावं म्हणून."

हे तिने मला उद्देशून म्हटले की नुमिसियसला, ते कळले नाही. मी तिला बसायला सांगितले. ती बसली नाही.

"हे बघा, बाबांच्या ढोपरात भाला घुसला. उभं राहता येईना. निशाणदार पडला तर निशाण चिखलात जातं, मग मागच्या पोरांनी बघायचं कुठं? म्हणून त्यांनी ते शेजारच्याच्या हातात दिलं. सेर्वेनियस त्याचं नाव. शेजारच्या हिस्पेल्लम गावचा होता. तो ते घेऊन थोडा पुढं गेला आणि मग तोही पडला. पुढचं बाबांना दिसलं नाही."

"हे त्यांनी तुला सांगितलं?"

"एकदाच. माझ्या लग्नाच्या आदल्या दिवशी. परत कधी नाही."

"आणखी कुणाला?"

"नाही."

"सेर्वेनियसचं कुणी मागं राहिलं?"

"एक आई होती. ती गेली."

नुमिसियसने दोन्ही हात काठीवर ठेवले. त्याने जे सांगितले ते न ओरडता, न लाजता सांगितले. हा प्रसंग त्याने एका म्हाताऱ्या शतनायकाकडून ऐकला होता. तो शतनायक मागच्या गाड्यांपाशी होता आणि वाचला. त्याने सांगितलेला शब्द हाच होता: निशाणदाराने निशाण हवाली केले. नुमिसियसने त्याला 'कुणाच्या' असे विचारले नव्हते. शतनायक आता वारला होता. आणि ते निशाण पुढे डेशियनांच्या गडावर टांगलेले अनेकांनी पाहिले, एवढे निर्विवाद होते.

"सेर्वेनियस पडल्यावर त्यांनी उचललं असेल," ती म्हणाली.

"असेल."

"मग लिहा ना तसं."

"'असेल' असं लिहू?"

"सेर्वेनियसच्या हाती दिलं असं लिहा."

"मला ते ठाऊक नाही, पोरी. तू सांगतेस म्हणून ठाऊक आहे. उद्या दुसरा कुणी येईल, त्याच्या बापाचा डाग धुऊन मागेल. तू बैल पाठवतेस ना रोमला? कानामागं काळा ठिपका असला तर काय करतेस?"

तिने एक क्षण त्याच्याकडे रोखून पाहिले.

"खडू चोळते. सगळेच चोळतात. पुजाऱ्याला माहीत असतं, मला माहीत असतं, त्या बैलाला पण माहीत असतं."

"देवाला?"

"देवानं अजून परत पाठवला नाही एकही."

मला हसू आले. नुमिसियसलाही आले असावे, पण त्याने ते बिनमिशीच्या ओठांत दाबले.

"मी खडू लावत नाही," तो म्हणाला. "एवढीच माझी पुंजी आहे. त्यावर लोक माझं पुस्तक ऐकतात."

"खडू लावू नका. पण म्हणून कोळसा लावायचा का, काका?"

अंजिराच्या झाडात चिमण्या भांडत होत्या, आणि ट्रोफिमस तिच्या काळ्या हातांसाठी पाण्याचे भांडे घेऊन आला होता. ते तिच्याकडे देताना त्याने घाईने सोडले. तिने ते अजून धरले नव्हते, आणि भांडे फरशीवर आदळून फुटले.

"घेतलंस का असं विचारायचं असतं," ती त्याला म्हणाली, रागाने नव्हे, सवयीने. "आमच्या घरात कुणी विचारल्याशिवाय काही देत नाही. बाबांची सवय. दोर असो, दुधाचं भांडं असो, तान्हं पोर असो. दुसऱ्याच्या हातात देताना विचारायचे, 'घेतलंस?' आणि समोरचा 'घेतलं' म्हणेपर्यंत सोडायचे नाहीत. लहानपणी आम्ही मुद्दाम गप्प बसायचो. ते तसेच उभे राहायचे, भांडं धरून, पाय दुखत असला तरी. आम्हाला वाटायचं, म्हातारा चक्रम आहे. लग्नाच्या आदल्या दिवशी कळलं. त्या चिखलात त्यांनी सेर्वेनियसला विचारलं होतं, 'घेतलंस?' आणि तो म्हणाला होता, 'घेतलं.' मग सोडलं त्यांनी."

ट्रोफिमस खाली बसून खापऱ्या गोळा करत होता.

"हा पुरावा नाही," नुमिसियस शेवटी म्हणाला, आणि त्याचा स्वर असा होता की जणू तो तिची क्षमा मागत होता.

"मला माहीत आहे," ती म्हणाली. "पुरावा असता तर तुमच्याकडं कशाला आले असते? सरळ न्यायाधीशापुढं गेले असते."

*

ती गेल्यावर आम्ही भांडलो. आमच्या मैत्रीत इतके सौम्य भांडण दुसरे झालेले नाही, आणि म्हणूनच ते लांबले.

मी सुचवले की वाक्य काढून टाकावे. सेनापती पडला, तुकडी संपली, पुरे. निशाणाचा उल्लेखच नको.

"आणि पुढच्या खंडात ते निशाण परत मिळाल्याचा उत्सव यायचा आहे," नुमिसियस म्हणाला. "वाचक विचारेल, हरवलं कधी? शिवाय गप्प बसणं हाही खडूच. तुझ्यासारख्या व्याकरणाच्या शिक्षकाला कर्ता गाळून क्रियापद ठेवणं बरोबर वाटेल का?"

"मग 'शेजारच्याच्या' एवढा एक शब्द घाल. लय मोडेल, पण मी सहन करेन."

"ते मला ठाऊक नाही, तेतियस."

"मग 'काही जण सांगतात' असं घाल. सगळे घालतात."

त्याने काठी फरशीवर आपटली. हा माझा डाव फसणार हे मला ठाऊक असायला हवे होते. साऱ्या इटलीतल्या इतिहासकारांवर त्याचा राग होता तो याच एका शब्दप्रयोगासाठी.

"काही जण! कोण हे काही जण? कुठं राहतात? कधी पाहिलेस तू त्यांना? ज्याला स्वतः बोलायचं धाडस नसतं तो या काही जणांना पुढं करतो. मी सात खंड लिहिले, एकदाही त्यांना उंबऱ्याच्या आत घेतलं नाही."

"मग काय करणार आहेस?"

"ठाऊक नाही."

तो मेणाची पाटी मांडीवर घेऊन बसला. डोळ्यांनी दिसत नसले तरी ओरखड्यांवरून बोट फिरवून तो स्वतःची अक्षरे वाचत असे. मी पाहत होतो. लेखणीच्या चपट्या टोकाने त्याने ते वाक्य सपाट केले, पुन्हा लिहिले, पुन्हा सपाट केले. मी मधाची रोटी खाल्ली, चीज खाल्ले, आणि त्याच्या वाटणीचेही खाल्ले. सावली अंजिराखालून सरकून भिंतीला लागली तेव्हा तो स्वतःशीच म्हणाला, "काही जण नाहीतच. एकच आहे."

"काय?"

"सांगणारं माणूस. एकच आहे, आणि तिला नाव आहे. मला निशाणाचं काय झालं ते ठाऊक नाही. पण ती काय सांगते ते ठाऊक आहे. माझ्यासमोर सांगितलं, तुझ्यासमोर सांगितलं. यावर मी कुठंही शपथ घेईन."

मी त्याला आठवण करून दिली की सात खंडांत त्याने कुठल्याही जिवंत माणसाची साक्ष नावानिशी दिलेली नाही. बाईची तर नाहीच, आणि बैल राखणाऱ्या घरातली तर सुतराम नाही. रोममध्ये हसतील.

"हसू दे. तो गाडीवानही हसलाच ना."

मग त्याने वाक्य म्हटले. मी ते जसे आहे तसे देतो: "निशाणदाराने निशाण शेजारच्या सेर्वेनियसच्या हवाली केले, असे त्याची मुलगी पेतिदिया पुढच्यांच्या हवाली करते."

एकच क्रियापद दोनदा आले होते. वाक्य लांबले होते. आणि सर्वांत वाईट म्हणजे आमच्या भाषेत त्याचा शेवट सरळ महाकाव्याच्या ओळीसारखा झाला होता: एक गुरू, दोन लघु, मग दोन ठाम अक्षरे. गद्याने पद्याचे पाऊल टाकावे, हा दोष मी मुलांच्या पाठीवर छडी मोडून काढत असे, आणि तसे मी त्याला सांगितले.

"वीरांच्या ओळी अशा संपतात, नुमिसियस. इतिहासाच्या नव्हेत."

"संपतात का?" तो म्हणाला. "मग असू दे. त्याच्या वाट्याला एवढं तरी."

*

दुसऱ्या दिवशी तो स्वतः रस्त्यावर गेला. कित्येक महिने तो घराबाहेर पडला नव्हता. एका बाजूने मी, दुसऱ्या बाजूने ट्रोफिमस, असे आम्ही वेशीबाहेर थडग्यांच्या रांगेपर्यंत पोचलो. पेतिदिया दगडापाशी होती. कोळसा निघाला होता, पण चुनखडीत तो थोडा मुरला होता, आणि जवळून पाहिले तर शब्द अजून लागत होता. नुमिसियसने हाताने चाचपडत निशाण शोधले, त्याच्या दांड्यावरून खाली बोट आणले, आणि शब्दापाशी थांबला. मग त्याने तिला नवे वाक्य ऐकवले.

ती आनंदेल असे मला वाटले होते. तिच्या कपाळाला आठी पडली.

"'मुलगी सांगते.' म्हणजे काय? बापासाठी मुलगी काहीही सांगेल, असं लोक म्हणतील."

"काही लोक म्हणतील."

"तुम्ही सांगितलं असतं तर कुणी म्हटलं नसतं."

"मी सांगू शकत नाही, पोरी. मी तिथं नव्हतो, आणि तुझा बाप माझ्याशी बोलला नाही. तो तुझ्याशी बोलला." तो थांबला. त्याला धाप लागली होती. "आता ऐक. हे असं गेलं तर त्याचा भार तुझ्यावर. खोटं असेल तर तुझ्या नावावर, खरं असेल तर तुझ्या नावावर. तू आणि मी मेल्यावरही. नको असेल तर आत्ता सांग. मी ते वाक्यच काढून टाकतो. तेतियसला तसंही हवंच आहे, आणि निशाणाचं मी दुसरीकडं निभावून नेईन. तेही माझ्या मनाविरुद्ध होईल, पण करीन."

त्या वेळी मला कळले की त्याने आपल्या आयुष्यभराच्या नियमातून एक वीट काढून तिच्या पुढे ठेवली होती. असे करण्याची त्याची ही पहिलीच वेळ होती.

तिने दगडावर हात ठेवला. रस्त्यावरून तिचेच दोन बैल नदीकडे चालले होते. ते किती पांढरे आहेत, आणि त्यात खडू किती, असा विचार माझ्या मनात आला, तो मी बोललो नाही.

"नाव माझंच घालणार?"

"तुझं. पण तुझं नाव म्हणजे त्याचंच. आपल्याकडं मुलीला दुसरं असतं कुठं?"

तिने होकाराची मान हलवली. नुमिसियसला ती दिसली नाही, म्हणून मी त्याला सांगितले.

*

सभागृहात त्या दिवशी गर्दी होती. कोळशाच्या शब्दाची बातमी बाजारभर झाली होती, आणि पुस्तकांशी ज्यांचा कधी संबंध आला नाही ते लोकही वाटाणे चघळत बाकांवर बसले होते. वेसोनियस पहिल्या रांगेत होता. बाक त्याचे, तेव्हा पहिली रांग त्याची. बायका मागच्या खांबांपाशी उभ्या होत्या, आणि त्यांच्यात पेतिदिया.

ट्रोफिमस वाचत होता. धुके आले, चिखल आला, गाड्या रुतल्या. सेनापती पडला. सगळे सभागृह पुढे झुकले, आणि त्याच क्षणी नुमिसियसने हात वर करून ट्रोफिमसला थांबवले आणि तो स्वतः उभा राहिला. ते वाक्य त्याने पाठ म्हटले. त्याच्या म्हाताऱ्या आवाजात ते जवळजवळ बोलल्यासारखे वाटले.

वेसोनियस मोठ्याने म्हणाला, "मुलगी सांगते म्हणे! मग माझ्या पोरीला विचारा, मी कोण ते. ती सांगेल, सम्राट!"

चार जण हसले.

"तिला बोलव," नुमिसियस म्हणाला. "नाव देऊन सांगू दे. तेही लिहीन."

हसणे थांबले. वेसोनियसने पायांशी वाटाण्याचा एक दाणा शोधायला सुरुवात केली, आणि मी तरी त्याला तो सापडताना पाहिला नाही.

नुमिसियस बसला नाही. डोळ्यांना काही दिसत नसताना तो मागच्या खांबांच्या दिशेने वळला. आपण कुणाकडे पाहतो आहोत याचा त्याला अंदाज असावा, कारण तोंड थोडे चुकीच्या खांबाकडे असले तरी आवाज बरोबर तिच्याकडे गेला.

"पेतिदिया," तो म्हणाला. "घेतलंस?"

सगळे मागे वळले. ती लगेच बोलली नाही. मला वाटले, लहानपणी जसे मुद्दाम गप्प बसत असत तशी ती गप्प बसली आहे की काय. किंवा हा काय भार आहे ते ती हातात तोलून पाहत होती. नुमिसियस तसाच उभा राहिला, काठीवर दोन्ही हात ठेवून, आणि त्याने दुसऱ्यांदा विचारले नाही.

"घेतलं," ती म्हणाली.

मग तो बसला, आणि ट्रोफिमसने पुढचे वाक्य वाचायला घेतले.